कातळावर पडलेले ओले गोटे

या धाग्यावरचे जुने सदस्य मला ओळखतात ते "पुरावा काय?" असं विचारून सगळ्यांचा विरस करणारी बाई म्हणून. कुणाला वळणावर पांढऱ्या साडीतली बाई दिसली की मी विचारायचे, चष्म्याचा नंबर किती? म्हणजे भूतखेत, करणी, बाहेरचं वगैरे मी कधी मानलं नाही, आणि खरं सांगायचं तर आजही "मानते" असं म्हणायला जीभ रेटत नाही. पण जे घडलं त्यात एका माणसाचं कायमचं नुकसान झालंय. ते कुठेतरी लिहून ठेवायला हवं...

मी कल्याणच्या एका कॉलेजात फिजिक्सच्या लॅबमध्ये असिस्टंट आहे. माहेर मुरबाडचं. आकाशाचं वेड लहानपणापासून, टेलिस्कोपसुद्धा मी स्वतःच बनवलेला — आठ इंची आरसा, चार फुटी नळी. गेली काही वर्षं मी आणि धर्मा मिळून रात्रीच्या टूर करतो. धर्मा सिद्धगडाच्या पायथ्याजवळच्या एका पाड्यावरचा. भातशेती करतो, वय पस्तीस-छत्तीस, आणि अंधारात नुसत्या आवाजावरून पक्षी सांगतो. आमचा क्रम ठरलेला. संध्याकाळी कल्याणहून जीप, मुरबाडला चहा, मग जंगलाच्या कडेने दीड-दोन तास पक्षी. टॉर्चला लाल कागद लावून हळूहळू चालायचं. रातवा हमखास, पिंगळा हमखास, नशीब असेल तर वनघुबड. मग धर्माच्या घरी भाकरी-पिठलं, आणि शेवटी चटया टाकून तारे. हे सगळं अमावस्येच्या आसपासच्या शनिवारी. त्यात गूढ काही नाही, चंद्र असला की तारे फिके पडतात एवढंच.

आधी आम्ही धर्माच्या खळ्यावर बसायचो. मागच्या वर्षी तिथे मोठा दिवा लागला. पाड्याला उजेड मिळाला, चांगलंच झालं, पण आमचं आकाश गेलं. नवी जागा शोधताना मला वरचा कातळ दिसला. सपाट, काळा, चारही बाजूंनी मोकळा. झाडं निदान दोनशे पावलं लांब. याहून चांगली जागा स्वप्नातसुद्धा मिळाली नसती.

धर्मा म्हणाला, "ताई, तितं जायचं तर मामाला इचारावं लागंल."

मामा म्हणजे हिरूमामा, धर्माच्या आईचा भाऊ. साठीचे, काटक, कमी बोलणारे. त्यांचं भाताचं शेत कातळाला लागून. आम्ही गेलो तेव्हा ते बांध नीट करत होते. माझं ऐकून घेतलं आणि कुदळ न थांबवता म्हणाले, "रातचं तितं बसू नको, बाय."

"का? साप आहेत का?"

"साप सगळीकडं हायेत."

"मग काय आहे?"

"बसू नको म्हंजे बसू नको."

मला राग आला. कातळ काही त्यांच्या मालकीचा नव्हता, गुरचरणीची जमीन. मी ग्रामपंचायतीत जाऊन रीतसर परवानगी काढली आणि तो कागद त्यांना नेऊन दाखवला. त्यांनी कागदाकडे पाहिलंसुद्धा नाही. "कागुद त्याला दाव," एवढंच म्हणाले. त्याला म्हणजे कुणाला, ते मी विचारलं नाही. मला वाटलं, हा म्हातारा मुद्दाम अडवतोय.

पहिली टूर फेब्रुवारीत. अकरा पाहुणे. मी लेझरने मृग दाखवला, व्याध दाखवला, कृत्तिकांकडे टेलिस्कोप लावला. मागे जंगलात रातवा सारखा बोलत होता, चक-चक-चक-चक, लाकडावर ठोकल्यासारखं. साडेदहाच्या सुमारास तो मध्येच थांबला. रातकिडेही थांबले. साधारण मिनिटभर काहीच नाही. मग लांब, तीसेक पावलांवर, कातळावर टक्क असा आवाज आला. मग दुसऱ्या बाजूला. मग पाठीमागे. पाहुण्यांना वाटलं कुठलं तरी जनावर. मी धर्माकडे पाहिलं, तर तो वर बघत होता. सात-आठ आवाज झाले आणि थांबले. रातवा पुन्हा सुरू झाला.

सकाळी मी एकटीच जाऊन पाहिलं. कातळावर गोटे पडले होते. लिंबापासून मुठीएवढे, गुळगुळीत, नदीत असतात तसे. आमच्या चटया होत्या त्यांच्याभोवती मोठं कडं करून. रात्रभर उघड्यावर राहूनही ओले होते आणि त्यांना गाळाचा वास येत होता. खालचा ओढा तर जानेवारीतच आटतो. एक गोटा मी लॅबमध्ये नेला. सोमवारपर्यंत वाळला. भूगोलाच्या सरांना दाखवला, ते म्हणाले, साधा बेसाल्टचा गोटा, नदीकाठी लाखो सापडतील.

माझा निष्कर्ष तयार होता. हिरूमामा, किंवा त्यांनी सांगितलेलं कुणीतरी.

मार्चमध्ये पुन्हा गेलो. लेझर वापरला नाही, पक्ष्यांना बोलावायला स्पीकरही लावला नाही, न जाणो त्याचाच कुणाला त्रास होत असेल. पाहुणे नऊ. त्यांत डोंबिवलीच्या एक निवृत्त शिक्षिका होत्या, गुडघे दुखत असूनही हौसेने आलेल्या. टेलिस्कोप अगदी डोक्यावर रोखला होता, नळी जवळपास उभी. त्या डोळा लावून पाहत होत्या आणि रातवा गप्प झाला.

या वेळी कडं लहान होतं. दहा-बारा पावलांवर गोटे पडायला लागले, चारही बाजूंनी, एकामागून एक. कुणीतरी ओरडलं, "कोण आहे रे तिकडे?" आणि त्याच क्षणी टेलिस्कोपच्या आत काच फुटली. बाई मागे कोसळल्या. डोळा वाचला, पण नळीचा धक्का बसून भुवईवर खोक पडली. पाहुण्यांपैकी एकजण माझ्यावर धावून आला. "लोकांना मारायला आणता का इथे?" म्हणाला. त्याचं काय चुकलं होतं?

नळीच्या तळाशी गोटा होता. खालचा मोठा आरसा त्याने फोडला होता. वरच्या टोकाचा छोटा आरसा मात्र जसाच्या तसा, त्याला धरणाऱ्या पत्र्याच्या पट्ट्याही जागच्या जागी. नळीच्या आतल्या काळ्या रंगावर एक ओरखडा नव्हता. दगड लांबून फेकला तर तिरका येतो, चार फुटी नळीत कुठेतरी घासणारच. हा सरळ वरून, दोरी सोडल्यासारखा आला होता. फिजिक्सवाल्या बाईला हे कळायला काही वेळ लागत नाही. मला तेव्हाच कळलं होतं. तरीसुद्धा पहाटे मी हिरूमामांच्या अंगणात जाऊन उभी राहिले.

त्यांची बायको चूल पेटवत होती, शेजारची दोन-चार माणसं तोंड धुवत होती. सगळ्यांसमोर मी म्हटलं, "एका बाईचा डोळा गेला असता. तुम्हाला आम्ही नको असलो तर समोर येऊन बोला. अंधारातून दगड कसले मारता?"

धर्मा माझ्या मागे खाली मान घालून उभा होता. हिरूमामांनी खांद्यावरचा टॉवेल काढून हात पुसले.

"पुडच्या टायमाला मी येतो," ते म्हणाले. "तुमच्या मदी बसतो. माजं हात बगत बस."

मामी म्हणाल्या, "नको जाव."

"तिनं चोर म्हनलंय मला," ते म्हणाले. "मंग?"

एप्रिलमध्ये पाहुणे आणले नाहीत. आम्ही तिघंच — मी, धर्मा आणि हिरूमामा. टेलिस्कोप नव्हता. मी मोठा टॉर्च आणला होता आणि डोक्यावर स्कूटरचं हेल्मेट घातलं होतं. हेल्मेट एकच होतं. दुसरं आणावं, हे माझ्या मनातही आलं नाही.

मामा चटईच्या मधोमध मांडी घालून बसले, दोन्ही हात गुडघ्यांवर उघडे ठेवून. मी समोर, धर्मा त्यांच्या डाव्या हाताला. सप्तर्षी वर आले होते, चित्रा स्पष्ट दिसत होती. मी त्यांच्या हातांकडे बघत होते. तास गेला. मला तर वाटायला लागलं होतं की आज काही पडणार नाही, आणि त्यात माझा जीव सुखावत होता... म्हणजे माझं खरं ठरलं असतं.

रातवा थांबला.

धर्मा हळूच म्हणाला, "ताई, उठू या."

"थांब," मी म्हटलं.

"मामा, उठ रं."

मामा उठले नाहीत. माझ्याकडे बघत म्हणाले, "बघतीस ना गो?"

पहिला गोटा चटईवर पडला, माझ्या पायापासून वीतभर. उसळला नाही, जिथे पडला तिथेच राहिला. मी टॉर्च सरळ वर मारला. वर काहीही नव्हतं. झोतात गोटे दिसायचे ते डोक्यापासून दोन-तीन हातांवर आल्यावर, पाण्याने चमकत. त्याच्या वर नुसता अंधार आणि तारे. माझ्या हेल्मेटवर एक आदळला, कान बधिर झाले. आणि मग मी मामांचा आवाज ऐकला. ओरडणं नव्हतं ते. ओझं उचलताना माणूस हुं करतो तसा. त्यांचे हात अजून गुडघ्यांवरच होते. उजवा खांदा खाली गेला होता.

धर्माने त्यांना उचललं आणि आम्ही पळालो. कातळाची कड ओलांडली आणि मागचे आवाज बंद झाले. जीपमध्ये मुरबाडपर्यंत मामांनी डोळे मिटून घेतले होते. त्यांच्या सदऱ्याला गाळाचा वास येत होता. मी दोनदा "मामा, चुकलं माझं" म्हटलं. दवाखान्यात डॉक्टरांनी विचारलं, कसं लागलं? मामा म्हणाले, "आंब्यावरनं पडलो." मी तोंड उघडणार होते, तर धर्माने माझा हात दाबला.

खांद्याजवळचं हाड दोन ठिकाणी मोडलं होतं. ते जुळलं, पण हात खांद्याच्या वर जात नाही.

तुम्ही काय काय सुचवाल ते मला माहीत आहे, कारण दुसऱ्या कुणी लिहिलं असतं तर मीच सुचवलं असतं. ड्रोन? आवाज येतो, आणि इतके दगड घेऊन उडणारा ड्रोन या पाड्यावर कुणाकडे असेल? पक्षी? रात्री, एकाच वर्तुळात? वावटळ? तिन्ही रात्री पान हलत नव्हतं. पाड्यावरचं कुणी? असेल, तर त्याने दोनशे पावलांवरून अंधारात दगड असा फेकायला हवा की तो सरळ उभा खाली पडेल. मी कागदावर आकडे मांडून पाहिले. जमत नाही.

जुलैत मी रजा काढून मामांच्या शेतात आवणीला, म्हणजे भातलावणीला, गेले. धर्मा नांगर धरून होता. तो माझ्याशी कामापुरतं बोलतो, टूर आम्ही बंद केल्या. मला भाताची मूठ नीट धरता येत नव्हती, मामींनी दोनदा रोपं उपटून पुन्हा लावली. मामा बांधावर बसून होते. दुपारी सगळे भाकरीला बसले तेव्हा मी त्यांच्याजवळ गेले.

"मामा, तिथे काय आहे?"

"मला ठाव नाय."

"तुमच्या वडलांनी काही सांगितलं असेल की."

"बापानं सांगितलं, रातचं तितं बसायचं नाय. त्याला त्याच्या बापानं सांगितलं." त्यांनी डाव्या हाताने भाकरीचा तुकडा मोडला. "मी कंदी इचारलं नाय, का म्हनून. काय गरज व्हती?"

कातळ तिथून दिसत होता. पावसाने धुतलेला, काळा, वर दोन गुरं चरत होती. दिवसा तिथे कुणालाही काही होत नाही.

"उद्या येऊ नको," मामा म्हणाले.

मी दुसऱ्या दिवशी गेले, तिसऱ्याही. आवणी उरकेपर्यंत ते माझ्याशी एक शब्द बोलले नाहीत. ते दगड कुठून आले, हे मला आजही सांगता येत नाही, पुढे येईल असंही वाटत नाही. मला सांगता येतं ते एवढंच, की एका माणसाने मला तिथे बसू नको म्हणून सांगितलं होतं, आणि मी त्यालाच तिथे नेऊन बसवलं.