लांब्यास देऊं नको

आमच्या कॉलेजच्या बास्केटबॉल संघात बारा मुलं होती आणि त्यांतल्या दोघांनाच मराठी येतं, असं मी वर्षभर धरून चाललो होतो. एक मी, संघाचा कप्तान. दुसरा माझा आतेभाऊ, जो लांबून बास्केट करण्यात पटाईत होता. बाकीचे दहा तमिळ. खेळ शिकवणारे मास्टरही तमिळ. म्हणजे आमच्या दोघांच्या तोंडाला कुलूप घालायचं काही कारणच नव्हतं.

हे तंजावूरच्या आमच्या मराठी लोकांचं जुनं दुखणं आहे. घरात मराठी, उंबऱ्याबाहेर तमिळ. पण बाहेर मराठी अगदीच निरुपयोगी नसते. साडीच्या दुकानात आई मावशीला मराठीत सांगते, "रंग जाईल, घेऊं नको," आणि दुकानदाराकडे बघून तमिळमध्ये गोड हसते. रिक्षावाला, शेजारी, वर्गशिक्षक, पाहुणा, सगळ्यांविषयी सगळ्यांसमोर बोलायची आम्हाला लहानपणापासून सवय. वडील अधूनमधून म्हणायचे, "हळू रे, भिंतीस कान असतात." पण भिंतीला मराठी कुठून कळणार, असं आम्हाला वाटायचं.

कोर्टावर ही सवय फारच कामाला आली. समोरच्या संघाला तमिळ कळते, मग इशारे मराठीत. "मागें", "सोड", "थांब", "आडवा हो". चार-पाच शब्द आम्ही इतरांनाही शिकवले. त्यांनी ते पाढ्यांसारखे पाठ केले आणि तरी ऐन वेळी घोटाळे केले. फक्त एकाला ते शिकवावे लागले नाहीत. तो पहिल्या दिवशीच "मागें" म्हटल्यावर मागे गेला. मास्टर म्हणाले, "ह्याला डोकं आहे." मी आतेभावाला मराठीत म्हटलं, "डोकें नव्हे, योग. अक्कल गुडघ्यांत, आणि गुडघे एवढे वर."

तो ओरत्तनाडूकडचा. सव्वासहा फूट उंच, तळहात सुपाएवढे, आधी व्हॉलीबॉल खेळलेला. सकाळी सहाच्या सरावाला तो पहिल्या बसने यायचा आणि कॉलेजला लागून घर असलेल्या मुलांच्याही आधी कोर्टावर हजर असायचा. कार्तिकातल्या पावसात सिमेंटच्या कोर्टावर तळी साचायची, तेव्हा गोणपाट घेऊन पाणी ओढणारा तोच. बोलायचा कमी. चेंडू हातातून निसटला की स्वतःच्या हातांकडे बघत उभा राहायचा, आणि मला ते बघून संताप यायचा. आम्ही त्याचं नाव ठेवलं होतं लांब्या. मराठीत, अर्थात. त्याच्या तोंडावर आम्ही ते रोज वापरायचो आणि तो रोज मान खाली घालून बुटांच्या नाड्या बांधायचा.

काय काय बोललो असेन मी त्या वर्षात! उंट म्हटलं, ताडाचं झाड म्हटलं. तो धावतो तेव्हा कोणी शिडी पळवून नेतंय असं वाटतं, असं म्हटलं. आतेभाऊ हसायचा, मला आणखी चेव यायचा. माझी जीभ तिखट आहे हे घरात कौतुकाने सांगायचे. कौतुक करणाऱ्यांना तरी काय दोष द्यायचा, जीभ माझीच होती.

एका गोष्टीचा उल्लेख टाळता आला असता तर बरं झालं असतं, पण टाळत नाही. डिसेंबरात आमचा एक सामना पापनाशमला होता. दुपारी झाडाखाली डबे उघडले. लांब्याने मोठा स्टीलचा डबा आमच्या दोघांपुढे ठेवला आणि तमिळमध्ये म्हणाला, "आईनं तुमच्यासाठी दिलंय." झाकण काढलं तर आत डांगर. उडदाचं पीठ दह्यात कालवून वर मोहरी-हिंगाची फोडणी दिलेलं, अगदी आमच्या घरच्यासारखं. तमिळ घरात मी ते कधी पाहिलं नव्हतं. कुणी शहाणा असता तर तिथेच त्याला काही कळलं असतं. मी आतेभावाला म्हटलं, "हें ह्यांस कुठून माहीत? ह्याची आई आपल्यांतल्या कोणाच्या घरीं भांडीं घासत असेल, तिथून शिकली असेल."

आतेभाऊसुद्धा तेव्हा हसला नाही. लांब्याने झाकण लावलं नाही, डबा ओढून घेतला नाही. तो उठला आणि नळावर हात धुवायला गेला, जेवायच्या आधीच. आम्ही डांगर खाल्लं. चांगलं झालं होतं.

सामने मात्र आम्ही जिंकत होतो. कॉलेजच्या संघाने बऱ्याच वर्षांत पाहिले नव्हते असे दिवस होते ते. फाटक्या जाळीच्या रिंगांवर सराव करून आम्ही नव्या कोर्टांवरच्या संघांना हरवलं. जिंकल्यावर मास्टर सगळ्यांना दोन दोन वडे खाऊ घालायचे आणि स्वतः एकही खायचे नाहीत. वर्तमानपत्रात एकदा ओळभर बातमी आली. जे मी तेव्हा पाहिलं नाही ते हे की, चुकलेले आमचे सगळे चेंडू रिंगखाली उभा राहून लांब्याच झेलत होता आणि परत आमच्या हाती देत होता. बास्केट आमच्या नावावर लागायचं. जो चेंडू निसटायचा तो लक्षात राहायचा, झेललेले नाही.

अंतिम सामन्याच्या आदल्या संध्याकाळी मास्टरांनी मला बाजूला घेतलं. विद्यापीठाचे निवड करणारे दोघे येणार होते. त्यांना उंच मुलगा हवा होता. "त्याला पोलिसात जायचंय," मास्टर म्हणाले. "विद्यापीठाकडून खेळल्याचं प्रमाणपत्र असलं तर भरतीत खेळाडूंच्या जागेसाठी उभा राहू शकतो. घरी वडील नाहीत, आई एकटी आहे. उद्या त्याला चेंडू दे. तू कप्तान आहेस, तुझ्या हातात आहे."

"देतो सर," मी म्हणालो. आणि त्या क्षणी तसं मनातही होतं.

दुसऱ्या दिवशी चार वाजता सामना सुरू झाला. पहिल्या पाच मिनिटांत मी लांब्याला दोन चेंडू दिले. एक त्याने घातला, एक निसटला. बाकांवरून कोणीतरी शीळ घातली. निवड करणाऱ्यांपैकी एकाने वहीत काही लिहिलं आणि मला वाटलं, ते माझ्याविषयीच लिहिलं, की ह्याला चेंडू कोणाला द्यावा तेही कळत नाही. मलाही निवड हवी होती. कशासाठी, ते आज विचारलं तर सांगता येणार नाही. नोकरीसाठी नाही, घर चालवायला नाही. नुसती हवी होती. मी अख्ख्या कोर्टभर ऐकू जाईल अशा आवाजात आतेभावाला ओरडून सांगितलं, "लांब्यास देऊं नको!"

त्यानंतर आम्ही दिला नाही. शेवटपर्यंत नाही. तो रिंगखाली मोकळा उभा राहायचा, पण हात वर करेनासा झाला. मास्टर बाहेरून त्याच्याकडे बोट दाखवत ओरडत होते. मी ऐकलं नाही असं दाखवलं.

शेवटची काही सेकंदं उरली तेव्हा आम्ही एका गुणाने मागे होतो. मी आतेभावाला चेंडू दिला. त्याने लांबून मारला. चेंडू रिंगवर आपटून वर उडाला, आणि खाली आला तो लांब्याच्या दोन्ही हातांत. निसटला नाही. त्याच्या आणि रिंगच्या मध्ये कोणी नव्हतं. त्याने उडीसुद्धा न मारता, टाचा उचलून नुसता ठेवला असता तरी आत गेला असता. त्याने मान वळवून मला शोधलं आणि चेंडू माझ्याकडे फेकला. मी अर्ध्या कोर्टावर होतो. चेंडू माझ्या हातात आला आणि शिट्टी वाजली.

मी त्याच्यावर धावून गेलो. तमिळमध्ये तोंडाला येईल ते सगळं बोललो. का घातला नाहीस, डोळे फुटले होते का, सगळं वर्ष घालवलंस. तो माझ्याहून वीतभर उंच, घामाने निथळत उभा. माझं बोलून झाल्यावर तो शांतपणे म्हणाला, "तूंच सांगितलेंस कीं, लांब्यास देऊं नको म्हणून. तरी माझ्याकडे आला. म्हणून तुज परत दिलों."

मराठीत म्हणाला. आमच्याच मराठीत, आमच्याच हेलात.

पुढचं मला तुकड्यातुकड्यांनी आठवतं. आतेभाऊ मटकन खाली बसला. दुसरा संघ नाचत होता. आणि मी उभ्याउभ्या जुलैपासूनचा एकेक दिवस मागे मोजत गेलो. उंट. ताड. गुडघ्यातली अक्कल. मग पापनाशमचं झाड आठवलं, डबा आठवला. मला तेव्हाच, तिथेच त्याचे पाय धरायला हवे होते. मी पाणी प्यायला गेलो.

निवड झाली. माझी. एकट्याची. विद्यापीठाकडून मी दोन सामन्यांत मिळून काही मिनिटं खेळलो आणि ते प्रमाणपत्र आजही प्लास्टिकच्या पिशवीत जसंच्या तसं पडून आहे. मी ते कुठे दाखवलं नाही, दाखवायची गरजही पडली नाही. लांब्या पुन्हा कोर्टावर आला नाही. वर्गात यायचा. जिन्यात समोर दिसला की तो मान हलवायचा आणि मी दुसऱ्या जिन्याने जायचो. त्याला मराठी कशी येते, हे मी नंतर मास्टरांकडून ऐकलं. त्याची आई आमच्यातलीच. तमिळ माणसाशी लग्न केलं म्हणून माहेरच्यांनी दार बंद केलं, ते नवरा गेल्यावरही उघडलं नाही.

पुढे नोकरीने मला पुण्याला नेलं. देवनागरी वाचायला-लिहायला मी तिथे शिकलो, पंचविशी ओलांडल्यावर. पहिल्याच आठवड्यात बसमध्ये पुढच्या जाड माणसाविषयी मी सवयीने मोठ्याने काहीतरी बोललो आणि अख्खी बस वळून माझ्याकडे बघू लागली. त्या माणसाने मला जे सुनावलं ते मी निमूट ऐकून घेतलं. मला बरंच वाटलं. लांब्याने एवढं जरी सुनावलं असतं, तरी कदाचित मला झोप लागली असती.

माफी मागायला निघायलाच मला आठ वर्षं लागली. गेल्या पोंगलला घरी गेलो, तेव्हा आईला काही न सांगता ओरत्तनाडूची बस धरली. वाटेत सगळं बोलणं मनात तयार केलं, दोन्ही भाषांत. चहाच्या टपरीवर विचारलं तर उंच माणसाचं घर सगळ्यांना ठाऊक होतं. पण तो घरी नव्हता. भाताच्या कापणीचे दिवस, तो कापणीचं यंत्र चालवतो, यंत्र घेऊन पापनाशमकडे गेला होता. दारात त्याची आई होती. ठेंगणी, पिकल्या केसांची. मी कोण ते तमिळमध्ये सांगू लागलो, तेवढ्यात तिने माझा हात धरला.

"कप्तान ना तूं? ये रे बाळ, आंत ये. पाय धू. किती वर्षांनीं ह्या घरांत कोणी आपलें बोलायास आलें!"

मी "मावशी" म्हणालो आणि पुढचं तयार केलेलं सगळं विसरलो. तिने पान मांडलं. भात वाढला, शेजारी डांगर. मी डांगराकडे बघत बसलो.

"आवडतें ना? तेव्हां तुम्हां दोघांस पाठविलें होतें. फार आवडलें म्हणून सांगितला. पुन्हा देतें म्हटलें, तर नको म्हणाला, मास्टर बाहेरचें खाऊं देत नाहींत म्हणून." ती समोर बसली. "माझ्याशीं मराठी बोलणारें कोणी नाहीं रे. म्हणून तो घरीं आला कीं रोज विचारायची, आज तुझे मित्र काय बोलले? बसून सगळें सांगायचा. आई, आज म्हणाले, माझे हात मोठे, चेंडू सुटत नाहीं. आई, आज म्हणाले, मला डोकें आहे. मी हंसायची. मग म्हणायची, तूंही त्यांच्याशीं मराठी बोल कीं रे. तर म्हणायचा, नको आई, मला ऐकायासच बरें वाटतें."

माफी मागायची तर आधी ह्या बाईला सांगायला हवं होतं की, आम्ही खरं काय बोलत होतो, आणि तिच्याविषयी काय बोललो होतो. सबंध वर्ष रोज संध्याकाळी बसून त्याने तिच्यासाठी जे रचलं होतं ते मोडायला हवं होतं.

"एक विचारूं?" ती म्हणाली. "शेवटच्या मॅचीनंतर आला तो बोलेचना. मी फार हट्ट धरलें तेव्हां म्हणाला, हरलों, पण कप्तान सगळ्यांसमोर म्हणाला, हा नसता तर आम्ही इथवर आलोंच नसतों. तसें म्हणालास तूं? कीं माझें मन राखायास सांगितला?"

"म्हणालों मावशी," मी म्हटलं. "सगळ्यांसमोर म्हणालों."

तिने पदराने डोळे टिपले आणि मला आणखी डांगर वाढलं.