ब्रिजिडचा विस्तव

आमच्या घरात आयर्लंडकडच्या प्राचीन केल्ट लोकांचे देव शिरले ते संधिवाताच्या गोळ्यांच्या निमित्ताने. बाबा चंडीगडच्या एका मोठ्या हॉस्पिटलात डॉक्टर होते, आम्ही कॅम्पसमधल्या क्वार्टरमध्ये पहिल्या मजल्यावर राहत होतो, आणि माझ्या कॉन्व्हेंट शाळेत इंग्रजी शिकवणाऱ्या आयरिश सिस्टर बाबांच्या पेशंट होत्या. सत्तरी गाठलेल्या, उंच, करड्या कार्डिगनमधल्या, पायात कॅनव्हासचे बूट. चाळीसेक वर्षं पंजाबात काढल्यामुळे त्यांची हिंदी सफाईदार होती आणि रागावल्या की त्या पंजाबीवर यायच्या. शाळेत आम्ही मुली त्यांना टरकून असायचो. पण हॉस्पिटलच्या रांगेत उभं राहायला नको म्हणून त्या गोळ्या न्यायला आमच्या घरी येऊ लागल्या आणि चहात शंकरपाळे बुडवून खाऊ लागल्या. तशा माणसाची भीती फार दिवस टिकत नाही.

नव्वदचं दशक निम्मं सरलं होतं. केबल नुकतीच आली होती आणि आईचं तिच्याशी वाकडं होतं. आई साताऱ्याची. चंडीगडच्या रुंद रस्त्यांबद्दल, ओळीने लावलेल्या झाडांबद्दल तिची तक्रार नव्हती, तक्रार होती ती धुक्याबद्दल. जानेवारीत दहा-दहा दिवस ऊन दिसायचं नाही आणि माझे गणवेश दोरीवर ओलेच राहायचे. अशा धुक्यात तिची रथसप्तमी यायची. सूर्याची पूजा, आणि सूर्याचा पत्ता नाही. पण आई हटणाऱ्यांतली नव्हे. त्यासाठी ती बाबांना स्कूटरवरून मनीमाजऱ्याला पिटाळायची, गोवऱ्या आणायला. तिथली बाई विचारायची, "बस पाँच? चूल्हा कैसे जलेगा, डॉक्टरसाब?" बाबा घाईघाईने गोवऱ्या डिकीत कोंबायचे आणि पुढचा आठवडाभर स्टेथोस्कोपला वास येतो म्हणून कुरकुरायचे.

त्या वर्षी सिस्टर नेमक्या रथसप्तमीच्या सकाळी आल्या. बाल्कनीत तुळशीच्या कुंडीसमोर गोवऱ्या धुमसत होत्या, वर मातीच्या बोळक्यात दूध, आणि आई हात जोडून बसली होती. दूध वर येऊ लागलं. ज्यांना ठाऊक नाही त्यांच्यासाठी सांगते, ते उतू जावं म्हणूनच ठेवलेलं असतं. ते सूर्याला जातं. पण सिस्टर गायीगुरांच्या घरात वाढलेल्या. दूध सांडतंय हे बघून त्यांना राहवेना. गुडघे विसरून त्या धावल्या, कार्डिगनच्या बाहीने बोळकं धरलं आणि विस्तवावरून उचलून थेट फरशीवर ठेवलं.

"बच गया!" त्या धापा टाकत म्हणाल्या.

"अहो, उसको गिरने को ही रखा था!" आई ओरडली. तिचा चेहरा असा झाला की मी हसू दाबायला स्वयंपाकघरात पळाले.

आतून मला आईची हिंदी ऐकू येत होती. सूर्य, दूध, वर्षाचा दिवस, सगळं ती एका दमात सांगत होती. मग थोड्या वेळाने मी डोकावून बघितलं तर सिस्टर फरशीवर मांडी ठोकून बसल्या होत्या आणि बोळकं पुन्हा गोवऱ्यांवर चढलं होतं. "बहनजी," त्या म्हणत होत्या, "मेरी माँ भी यही करती थी. इन्हीं दिनों में. दरवाज़े की दहलीज पर दूध डालती थी, ब्रिजिड के लिए. मैं कैसे भूल गई?"

ही ब्रिजिड कोण, ते आम्हाला त्या दिवशी कळलं. आयर्लंडची जुनी देवी. विस्तवाची, लोहारकामाची, कवितेची आणि गोठ्याचीही. पुढे तिकडे ख्रिस्ती धर्म आला, आणि याच नावाची, याच विस्तवाची एक संत झाली. ती जन्मली तेव्हा घरातून आभाळापर्यंत ज्वाळा दिसल्या. शेजारी पाणी घेऊन धावले, तर घर शाबूत आणि आत बाळ. एकदा तिने आपला भिजलेला झगा सूर्याच्या किरणावर वाळत टाकला आणि तो तिथे टिकला. "मला असला एक किरण द्या म्हणावं," आई मराठीतच म्हणाली, "हिचे गणवेश तरी वाळतील." मी त्याचं हिंदी केलं. सिस्टर इतक्या हसल्या की त्यांना खोकला आला.

"देवी की संत, नक्की काय?" असं बाबांनी एकदा त्यांना खोचकपणे विचारलं होतं. सिस्टरनी खांदे उडवले. आईच मध्ये पडली. तिच्या माहेरच्या गावदेवीला कोणी पार्वती म्हणतं, कोणी नुसतीच आई, देवीला त्याचं काही वाटत नाही, तर तुम्हाला का वाटावं? बाबांनी पेपर उघडला. वादात आई पुढे सरसावली की ते नेहमीच पेपर उघडायचे.

त्यानंतर गोळ्या हे नुसतं निमित्त उरलं. रविवारी सिस्टर यायच्या आणि मला एकेक देव सांगायच्या. मी त्यांच्याशी हिंदीत बोलायचे, आईशीही हिंदीतच, आणि आई मला मराठीत दटावायची. लूग मला फार आवडायचा. राजाच्या दरवाजावर द्वारपाल त्याला अडवतो, तुला काय येतं म्हणून विचारतो. सुतारकाम? आमच्याकडे सुतार आहे. लोहारकाम? लोहारही आहे. वीणा, औषध, युद्ध, सगळ्याला माणूस आहे. मग लूग विचारतो, या सगळ्या कला एकालाच येतात, असा कोणी आहे का? तसा कोणी नसतो, म्हणून त्याला आत घेतात. पुढे युद्धात तो चालून आला तेव्हा शत्रूला वाटलं, आज सूर्य पश्चिमेला कसा उगवला, एवढं त्याच्या तोंडावर तेज. बेलेनस नावाचा एक उजेडाचा देव होता. मे महिन्याच्या सुरुवातीला दोन आगी पेटवून मधून गुरं हाकायची, त्या सणाशी त्याचं नाव जोडतात. गरम पाण्याच्या झऱ्यावर राहणारी सूलिस होती. डोंगरावरची आन्या होती, तिला काहीजण सूर्यच मानायचे. सूर्य बाई असू शकतो हे ऐकून आई म्हणाली, "बाई असती तर अशी धुक्यात दडी मारून बसली नसती. डबे कोणी भरले असते?"

पुढे सेक्टरच्या मार्केटमध्ये सायबर कॅफे आला तेव्हा मी लूग शोधून काढला. अर्ध्या तासात स्क्रीनवर त्याचं चित्र जेमतेम गळ्यापर्यंत उतरलं. खाली लिहिलं होतं, की हा सूर्यदेव होता असं विद्वान आता मानत नाहीत. मी सिस्टरना ते सुनावलं. सिस्टर पंजाबीवर गेल्या. त्यांच्या आईने सांगितलेलं खरं की त्या मशीनने, असा त्यांचा सवाल होता. मला त्यांची बाजू पटली, अजूनही पटते.

आई आणि सिस्टर यांचं खरं जमलं ते मात्र देवांवरून नाही, राखेवरून. सिस्टरच्या घरी चूल कधी विझत नसे. दलदलीतून कापून वाळवलेले पीटचे, म्हणजे कुजलेल्या पाल्याच्या मातीचे चौकोन जाळायचे आणि रोज निजानीज व्हायच्या आधी त्यांची आई निखारे राखेखाली झाकून ब्रिजिडच्या हवाली करायची. आईच्या माहेरीही तसंच होतं. विझलाच तर शेजारी विस्तव मागायला जायचं. आमच्या गॅसच्या शेगडीशेजारी बसून दोघी यावर तासन्‌तास बोलायच्या. सिस्टरच्या भावाने पुढे ते घर विकलं. "अब वहाँ मेरा कुछ नहीं," त्या म्हणायच्या. त्यांच्या बरोबरच्या सगळ्या सिस्टर इथेच मातीत गेल्या होत्या. त्यांनाही इथेच, त्यांच्या शेजारी जागा हवी होती. याहून दुसरं काही त्यांनी कधी मागितलं नाही.

मी कॉलेजात गेले त्या वर्षी त्या विसरायला लागल्या. आधी गोळ्या, मग रविवार. एके दुपारी त्यांनी कॉन्व्हेंटमधल्या आपल्या खोलीत ब्रिजिडसाठी मेणबत्ती लावली आणि त्या बागेत निघून गेल्या. पडदा पेटला, मग पलंगावरचं ब्लँकेट. माळ्याला धूर दिसला म्हणून निभावलं. विझवायला त्या स्वतः आत घुसल्या आणि त्यांचा तळहात भाजला. बाबा रोज जाऊन ड्रेसिंग करत. वरच्या मजल्यावर हॉस्टेलच्या लहान मुली राहत होत्या, त्यामुळे कॉन्व्हेंट चालवणाऱ्या मोठ्या सिस्टरनी ठरवलं की यापुढे त्यांच्या हाती मेणबत्ती नको, शेगडी नको, काही पेटवणं नको. आणि थोड्या दिवसांनी निरोप आला की त्यांची आयर्लंडला, म्हाताऱ्या सिस्टरांच्या आश्रमात सोय झाली आहे.

आई भांडायला गेली. शाल गुंडाळून, बाबांना न विचारता, मला बरोबर घेऊन. मोठ्या सिस्टर शांतपणे ऐकत होत्या. "हम रखेंगे उन्हें," आई म्हणाली, "हमारे घर में." त्यांनी विचारलं, "और जब डॉक्टरसाब रिटायर होंगे, आप लोग महाराष्ट्र चले जाएँगे, तब?" आई शाल सावरत उठली. मोठ्या सिस्टरचं काही चुकत नव्हतं, याचाच मला जास्त राग आला. परत येताना रिक्षात आई म्हणाली, "चाळीस वर्षं राहिलेलं माणूस परकं कसं गं होतं?"

त्या जायच्या आधीच्या आठवड्यात लोहरी आली, पंजाबातली संक्रांतीच्या आदल्या रात्रीची होळीच. क्वार्टर्सच्या मधल्या मैदानात दरवर्षीप्रमाणे लाकडं रचली होती, रेवड्या, शेंगदाणे, मक्याच्या लाह्या परातीत काढल्या होत्या. आईने सिस्टरना बोलावलं होतं. बरोबर एक तरुण सिस्टर आली होती, त्यांना सांभाळायला. ती त्यांना गर्दीच्या मागे घेऊन उभी राहिली. सिस्टरनी दोन्ही हात कार्डिगनच्या खिशात घातले होते. नजर लाकडांवर होती.

कॅम्पसमध्ये सगळ्यात जुने आता आम्हीच, म्हणून शेजाऱ्यांनी आग पेटवायला आईला पुढे केलं. "भाभीजी, इस बार आप." आईने काडीपेटी घेतली, लाकडांकडे न जाता मागे गेली आणि सिस्टरचा हात खिशातून काढून त्यात काडीपेटी ठेवली.

"आंटीजी, उन्हें मना है," तरुण सिस्टर घाईने म्हणाली.

"मालूम है मुझे. मैं पास में खड़ी हूँ."

सिस्टर आपणहून लाकडांपाशी गेल्या, कोणाला धरून न्यावं लागलं नाही. पहिली काडी दवाने सादळलेली निघाली. दुसरी पेटली आणि गवतापर्यंत पोचायच्या आत विझली. कोणीतरी लायटर काढून पुढे झालं, आईने त्याला नुसत्या नजरेने मागे परतवलं. सगळे थांबले. लहान मुलंसुद्धा. मग एक काडी धरली, गवत धरलं, फांद्या तडतडल्या. सिस्टर वाकून आपल्या भाषेत काहीतरी पुटपुटल्या. तळहातावरचा भाजल्याचा डाग उजेडात गुलाबी दिसत होता. मैदानभर टाळ्या वाजल्या, ढोल सुरू झाला, बायका रेवड्या टाकायला पुढे आल्या.

सिस्टरनी काडीपेटी आईकडे परत दिली. आई घेईना. "रखिए ना आपके पास," ती म्हणाली.

"नहीं, बहनजी. तुम रखो. मैं भूल जाऊँगी कि कहाँ आग लगाई थी."

हे त्या अगदी साधेपणाने बोलल्या, उद्याचा गृहपाठ सांगावा तशा. आईने काडीपेटी घेतली आणि सगळ्या कॉलनीसमोर, पदराने तोंड न झाकता ती रडली. मी तिला असं रडताना त्याआधी पाहिलं नव्हतं. सिस्टर तिच्या पाठीवर हात फिरवत राहिल्या. बराच वेळ दोघी आगीच्या अगदी जवळ उभ्या होत्या आणि त्या तरुण सिस्टरनेही त्यांना मागे व्हा म्हटलं नाही.