कवडशाची अकॅडमी

स्पष्टच लिहिते. ऊसतोडीला जाणाऱ्यांच्या लेकरांसाठी हंगामी वसतिगृहं हवीत, याची पत्रकं आमच्या गटात मीच लिहिते. "लेकरांना फडावर नेऊ नका, गावातच ठेवा" ही ओळ माझी. ती बरोबरच आहे. पण गावात ठेवलेल्या लेकराचं पुढं काय होतं ते पत्रकात मावत नाही. मला ठेवलं होतं, म्हणून मला माहीत आहे.

मी तेव्हा चौथीत, सोबत न नेता गावात ठेवलं ते पहिलंच वर्ष. बोरीपासून आत आमचं गाव, शेजारी शेजारी दोन पत्र्याच्या खोल्या. एक आमची, एक काकूची. काका गावातच एकाच्या शेतावर सालानं कामाला होता, त्यामुळं काकू ऊसतोडीला जात नव्हती. दिवाळी झाली, मारुतीपुढं ट्रक लागला. मी रडणार हे बाबांना दिसलं असावं. आमच्या पत्र्याला खिळ्याचं एक भोक होतं आणि दुपारी त्यातून रुपयाएवढा कवडसा खाली पडायचा. बाबांनी तंबाखूच्या डबीतला चुना बोटावर घेतला, कवडशाच्या वाटेवर जमिनीवर आडवी रेघ ओढली आणि म्हणाले, "आता हे ऊन तिकडं चुलीकडं सरकत जाईल. फिरून ह्या रेघंवर आलं की आमी आलोच समज."

मायनं माझी वेणी घट्ट ओढली. "काकूला तरास देऊ नगंस." ट्रक गेला.

जेवायला आणि झोपायला मी काकूकडं. पण शाळेच्या मधल्या सुट्टीत खिचडीचं ताट घेऊन आमच्या बंद खोलीत यायची, कडी काढायची आणि कवडशासमोर बसायची. तिथं मी अकॅडमी काढली. हा शब्द जिंतूर रोडवरच्या फलकावरून घेतलेला. पोलीस भरतीची अकॅडमी होती ती, फलकावर पोरं छाती काढून उभी. माझ्या अकॅडमीत ऊन आणि वेळ यांची जादू शिकवायचे. प्राचार्य मी, विद्यार्थिनी मी, छड्याही मलाच. उन्हाचा तास असला की रिकाम्या ताटावर कवडसा झेलून तो भिंतीवर, फळीवर, मायच्या खुंटीवरच्या जुन्या लुगड्यावर नाचवायचा. वेळेचा तास अवघड. कवडशावरची नजर न काढता तीसचा पाढा उलटा म्हणायचा, म्हणजे दिवस पुढं ढकलला जातो. एका दमात न चुकता म्हटला तर दोन दिवस. आणि एक कडक नियम: ही विद्या कुणाला बोलून दाखवली की जाते.

त्या नियमापायी मी गप्प झाले. बाबांचा फोन काकूच्या मोबाइलवर यायचा, मागं बैलगाड्यांचा कालवा.

"जेवलीस का?"

"व्हय."

"शाळंत जातीस न्हवं?"

"व्हय."

कधी येणार, हे मी एकदाही विचारलं नाही. विचारलं असतं तर सगळं तिथंच मिटलं असतं.

काकू वाईट नव्हती. तिला कामं होती. दर आठवड्याला ती आमचीही खोली सारवायची आणि मी रेघेवर पाय रोवून उभी राहायची.

"सरक की गं बाजूला."

"एवढं सोड काकू."

"का? द्येव बसवलाय का तिथं?" ती हसायची, शेणाचा हात रेघेला वळसा घालून न्यायची. एवढं तिनं माझ्यासाठी केलं, हे नोंदवून ठेवते.

संक्रांतीच्या सुमाराला लक्षात आलं, आतापर्यंत चुलीकडं जाणारा कवडसा मागं फिरलाय. मला वाटलं, मीच फिरवला. इतका आनंद झाला आणि सांगायला कुणी नाही. शाळेत पोरी संक्रांतीचे तीळ वाटत होत्या, मी तीळ घेऊन घरी पळाले आणि कवडशाला दाखवून खाल्ले.

पुढं तो रोज बोट-अर्धं बोट सरकायचा. महाशिवरात्रीच्या आधीच, एका दुपारी, रेघेवरून चालत गेला. अगदी नीट.

मी शाळेत परत गेलेच नाही. तोंड धुतलं, लाल फिती बांधल्या आणि फाट्यावर जाऊन बसले. एसटी आली, गेली. काळीपिवळी आली, गेली. चहाच्या टपरीवरचे म्हातारे बुवा माझ्याकडं बघत होते.

"कुणाची वाट बघायलीस, बाई?"

"माय-बाबाची. आज यायलेत."

"कुणी सांगितलं? कारखाना चालूच हाय की आजून. होळीबिगर बंद हुत न्हाई त्यो."

मी म्हटलं, "तुमाला ठाव न्हाई." उन्हं उतरेपर्यंत बसले. शेवटी काकू शोधत आली, एक धपाटा घातला आणि घरापर्यंत हात सोडला नाही.

बाबा खोटं बोलले असं तेव्हा मनातही आलं नाही. वाटलं, पाढ्यात आपलीच चूक झाली. मी मला नापास केलं. कवडसा रेघ ओलांडून दाराकडं निघून गेला. पुढच्या आठवड्यात काकू सारवायला आली तेव्हा मी पाय रोवले नाहीत.

ते होळीनंतर आले. गुरुजींनी वर्गातून सोडलं, पण मी पळाले नाही, चालत आले. माय उन्हानं काळी पडलेली, हाताला उसाच्या पाचटाचे ओरखडे. तिनं कवटाळलं. तिच्या अंगाचा वास वेगळा होता. मी तशीच उभी राहिले.

बाबा जमिनीकडं बघत होते. "रेघ कुठं गेली गं?"

"सारवली."

"ऊन आलं व्हतं का तितवर?"

"लय आदीच आलं व्हतं."

बाबांनी वर भोकाकडं बघितलं. मग हळूच म्हणाले, "मला वाटलं व्हतं होळीलाच येईल. मला काय म्हाईत, पोरी? थंडीत मी ह्या घरात कवा असतो?"

लग्नापासून ते दरवर्षी दिवाळीला घर सोडत होते. स्वतःच्या छपरातून माघात ऊन कुठं पडतं हे त्यांनी पाहिलंच नव्हतं. नऊ वर्षांच्या पोरीला जे माहीत झालं ते घराच्या मालकाला माहीत नाही. याला काही लोक स्थलांतर म्हणतात. मी घर हिसकावणं म्हणते आणि बैठकीत म्हटलं की भाषा सौम्य करा म्हणून सुचवतात.

माय काकूला म्हणाली, "पोरगी लय शानी झाली गं. काई मागत न्हाई, काई बोलत न्हाई."

"माझ्याकडं राहून झाली," काकू म्हणाली. दोघी हसल्या.

पुढच्या दिवाळीनंतर पुन्हा ट्रक लागला. बाबा बोचकं टाकून माझ्याकडं आले, खाली बसले, माझा हात धरला. काहीतरी सांगायला त्यांनी तोंड उघडलं.

मी म्हटलं, "जावा बाबा. जागा जाईल." आणि हात सोडवून घेतला.