फडक्यांची वेगळी दोरी

न्यूझीलंडच्या किनाऱ्यावरच्या आमच्या गिझबर्नच्या दुकानात कपडे धुण्याचं मशीन घ्यायला कोणी आलं, की विक्रीचं बघणाऱ्या हुइया कारेपा त्याला आधी किंमत सांगत नसत. घरात माणसं किती, पाणी नळाचं की टाकीचं, मुलगा रग्बी खेळतो का, एवढं विचारून झालं की शेवटी विचारायच्या, "आणि फडक्यांचं काय करता?"

फडकी म्हणजे भांडी पुसायची. त्यांच्या माओरी घरांमध्ये ही फडकी अंगावरच्या कपड्यांबरोबर एका पाण्यात जात नाहीत. खाण्याचं एकीकडे, अंगाचं दुसरीकडे. टेबलावर बसायचं नाही, उशीवर बसायचं नाही, तसंच हे. बहुतेक घरी फडक्यांना वेगळी बादली असते. पण मोठं कुटुंब, येणारी-जाणारी माणसं, शंभर जणांचं जेवण असं असलं, की बादली पुरत नाही. म्हणून दुकानाच्या मागच्या कोपऱ्यात हुइया एक लहान मशीन कायम मांडून ठेवायच्या. दोन टबांचं, एकात धुवायचं, शेजारच्यात पिळायचं. त्याच्याकडे बोट करून म्हणायच्या, "हे फडक्यांचं."

त्यांना सगळा किनारा आंटी म्हणायचा, मीही. मी त्या शाखेचा मॅनेजर. कॉमर्स शिकलो, ऑकलंडला उमेदवारी केली आणि इथे आलो तो इथलाच झालो. आंटी मला माझ्या नेव्हिल या नावानं क्वचितच हाक मारत. "टक्के" म्हणायच्या, कारण मी सकाळी आलो की आधी विक्रीचे टक्के बोलायचो.

एकदा तोलागा बे गावाकडचा एक धिप्पाड मच्छीमार बायकोसह आला होता.

"आंटी, एकच मशीन घेतो. दुसरं ठेवू कुठे?"

"बोट ठेवायला जागा आहे ना?"

"आहे की."

"मग बोटीत ठेव."

बायको हसायला लागली. तो खाली मान घालून म्हणाला, "आंटी, तुमच्याकडे एक घ्यायला आलेला माणूस कधी एक घेऊन गेलाय का?"

"गेलाय ना. त्याच्या घरी मी जेवत नाही."

मच्छीमारानं दोन्ही मशीन्स घेतली.

एकदा ऑकलंडहून हेड ऑफिसमधल्या ग्रेमचा फोन आला. देशभरच्या शाखांची विक्री तो बघायचा. "नेव्हिल, तुमच्याकडे एकेका पत्त्यावर दोन-दोन मशीन्स जातायत. कोणी बिल दोनदा टाकतंय का?"

"नाही. एक कपड्यांचं, एक फडक्यांचं."

"कसली फडकी?"

"भांडी पुसायची."

"एवढी भांडी?"

मी समजावून सांगितलं आणि त्यानं ते नीट ऐकूनही घेतलं. माणूस वाईट नव्हता. पण एव्हाना धंद्याचं वारं बदललं होतं. पूर्वी मशीन्स आपल्याच देशात बनायची, सुटा भाग लागला तर दक्षिणेकडून येणाऱ्या ट्रकनं दोन दिवसांत यायचा. मग कारखाने बाहेर गेले, माल कंटेनरमधून यायला लागला आणि कंटेनर म्हटलं की प्रकार कमी, नग जास्त. सगळ्या देशाला मोठ्या ड्रमची मशीन्स हवी होती, समोरून उघडणारी, कमी पाणी पिणारी. दोन टबांचं लहान मशीन खपायचं ते आमच्याकडे आणि अशाच आणखी एक-दोन गावांत. देशाच्या आकड्यात ते दिसतसुद्धा नव्हतं. ऑकलंडच्या बैठकीत मी त्याची बाजू मांडली. सगळ्यांनी ऐकली, चहा झाला आणि ते मशीन यादीतून गेलं.

मी परत येऊन आंटींना सांगितलं. त्या बिस्किटाचा डबा उघडत होत्या.

"ऑकलंडमध्ये आमची माणसं नाहीत का रे?"

"आहेत, खूप आहेत. पण ती बादलीत धुतात."

"म्हणजे तुमचे टक्के बादलीत बुडाले," असं म्हणून त्यांनी बिस्कीट चहात बुडवलं.

गोदामातलं शेवटचं मशीन त्यांनी स्वतःच घेतलं. खोकं उघडलं नाही. जाड काळ्या पेननं त्यावर 'मारामा' लिहिलं आणि घरी धुण्याच्या खोलीत भिंतीला लावून ठेवलं.

मारामा त्यांची एकुलती मुलगी, ब्रिस्बेनला असायची. हा विषय आंटी काढत नसत, पण एकदा दुकानात गिऱ्हाईक नव्हतं तेव्हा त्यांनी आपणहून सगळं सांगितलं. मारामानं तिथे क्रेगशी लग्न केलं, घर घेतलं, तेव्हा आंटी हौसेनं राहायला गेल्या. दुसऱ्या दिवशी मशीनचं झाकण उघडलं तर आत क्रेगचे कामावरचे मोजे आणि भांड्यांची फडकी एकत्र. मारामाची सासू तिथेच चहा पीत बसली होती. आंटींनी ती ओली फडकी काढली, बाहेर नेऊन कचऱ्याच्या डब्यात टाकली आणि चालत दुकानात जाऊन नवी घेऊन आल्या.

"तिला कोणासमोर बोलायचं, कधी बोलायचं, एवढं मला कळायला हवं होतं," आंटी म्हणाल्या. "पण हात माझ्याआधी जातात."

"मग ती काय म्हणाली?"

"म्हणाली, मम, तू मला यांच्या माणसांसमोर घाणेरडी ठरवलंस. माझं धुणं तपासायला येणार असशील तर येऊ नकोस."

"आणि तुम्ही?"

"आले नाही. म्हणजे परत गेले नाही."

तेव्हापासून नाताळला कार्ड यायचं, कार्ड जायचं. फोन कोणीच करत नव्हतं. मी म्हटलं, "खोकं जहाजानं पाठवून देऊ. आपल्या मालाबरोबर जाईल, फार त्रास नाही."

"पाठवायचं नाही. तिनं यायचं आणि न्यायचं."

"नाही आली तर?"

"खोकं काही खायला मागत नाही, टक्के."

पुढं काही वर्षांनी आंटी चुकायला लागल्या. पहिल्यांदा मला ते थट्टेसारखंच वाटलं. एका बाईंना त्यांनी वॉरंटीची गोष्ट पुन्हा पुन्हा सांगितली. बाई हसून म्हणाल्या, "आंटी, आता माझी पाठ झाली." मग एक दिवस एका तरुण जोडप्याला घेऊन त्या मागच्या कोपऱ्यात गेल्या आणि उभ्याच राहिल्या. तिथे आता हवा कोरडी करणारी मशीन्स होती.

"फडक्यांचं कुठे गेलं? कोणी हलवलं?"

मी जवळ जाऊन हळूच म्हटलं, "आंटी, ते बंद झालं."

"कधी?"

"बरीच वर्षं झाली."

त्या जोडप्याकडे वळून त्या म्हणाल्या, "याचं ऐकू नका, हा टक्केवाला आहे." पण आवाजात नेहमीची धार नव्हती. दुपारभर त्या चहाच्या खोलीत बसून राहिल्या.

त्या निवृत्त झाल्या तेव्हा किनाऱ्यावरून लोक आले. तळलेला पाव, शिंपले, पातेलंभर उकडलेलं मांस, सगळं आलं. जेवणानंतर धुवायला फडक्यांचा ढीग पडला, त्याला आंटींनी कोणालाही हात लावू दिला नाही.

घर त्यांचं समुद्राकडच्या रस्त्यावर. शेजारी त्यांच्या पुतण्याची बायको पारेकुरा राहायची, ती दोन्ही वेळचं जेवणखाण बघायची. माझा रस्ता तोच. जाता-येता कुंपणावरून आंटींच्या दोऱ्या दिसायच्या. मागच्या अंगणात कपड्यांची मोठी दोरी आणि स्वयंपाकघराच्या दाराजवळ, दोन खिळ्यांना बांधलेली, हातभर लांबीची फडक्यांची वेगळी दोरी. इतकी वर्षं ते बघून मला ते दिसेनासंच झालं होतं.

मग एक सकाळ अशी आली की ते दिसलं. लहान दोरी रिकामी होती. मोठ्या दोरीवर मोजे, मग फडकं, मग परकर, मग दोन फडकी, मग पुन्हा मोजे. सगळं नीट ताणून, चिमटे लावून वाळत घातलेलं. रस्त्यावरून कोणालाही दिसावं असं.

मी गाडी थांबवली. पारेकुरा कुंपणापाशीच उभी होती.

"पाहिलंस ना?" ती म्हणाली. "मी काढायला गेले तर म्हणाल्या, माझ्या धुण्याला हात लावू नकोस. आता काय करू?"

"मारामाला फोन कर."

"मी सून आहे. मी केला तर तिला वाटेल आंटींनीच करायला लावला. तू कर. तू परका आहेस, तुझं ऐकेल."

मी दुकानातून फोन लावला. माझं नाव सांगितल्यावर मारामाचा आवाज थंड झाला.

"तिनं सांगितलं तुम्हाला फोन करायला?"

"नाही. त्यांना ठाऊक नाही."

"पडलीबिडली का?"

"नाही. चालतात, फिरतात, जेवतात."

"मग?"

मी मनात बरीच वाक्यं जुळवून ठेवली होती. डॉक्टर काय म्हणाले, वय किती, पुढे काय होऊ शकतं. त्यातलं एकही बाहेर आलं नाही. मी म्हटलं, "मारामा, आज त्यांच्या दोरीवर फडकी आणि मोजे एकत्र वाळत आहेत."

पलीकडे मागे कुठेतरी टीव्ही चालू होता, तो बंद झाला.

"मोठ्या दोरीवर?"

"हो."

"मी येते," ती म्हणाली.

आठवडाभरात ती आली. विमानतळावरून मीच तिला घरी आणलं. आंटींसारखीच रुंद खांद्यांची आणि चालताना आंटींसारखेच हात मागे बांधणारी. वाटेत तिनं एवढंच विचारलं, "मला ओळखेल?"

"कधी ओळखतात, कधी नाही. काल मला डॉक्टर समजल्या."

आंटी व्हरांड्यात खुर्चीवर होत्या. मारामा पायरीवर थांबली. मग वाकून तिनं आपलं कपाळ आणि नाक त्यांच्या कपाळाला, नाकाला टेकवलं. आंटींनी ते पाहुण्याचं करतात तसं रीतसर केलं आणि म्हणाल्या, "ये, ये. लांबून आलीस? चहा घे. दुकानातून पाठवलं का तुला?"

मारामा माझ्याकडे बघत राहिली. मी खाली पाहिलं.

"हो," ती म्हणाली. "मशीन बघायला आलेय."

"बघ बाई. आवाज फार करतं."

धुण्याच्या खोलीत मशीन नुकतंच थांबलं होतं. मारामानं झाकण उघडलं. आत सगळं एकत्र होतं. ती झाकणाला धरून तशीच उभी राहिली. मला वाटलं ती बाहेर निघून जाईल. पण तिनं बाह्या वर केल्या आणि एकेक फडकं वेगळं काढायला लागली. ते करता करता तिची नजर भिंतीशी गेली. खोक्यावर तिचं नाव होतं, शाई उडून तपकिरी झालेली.

"हे काय आहे?"

"तुमचं आहे," मी म्हटलं. "तुम्ही येऊन न्यायचं होतं."

आम्ही दोघांनी खोकं फोडलं, मशीन ओढून नळाशी आणलं, पाईप लावला. इतकी वर्षं बंद असूनही ते पहिल्या झटक्यात सुरू झालं. मारामानं फडकी टबात टाकली, हात कोपरापर्यंत पाण्यात घालून ती खाली दाबली. आंटी दारात येऊन उभ्या होत्या, कधी आल्या ते कळलं नाही.

त्यांनी टबात डोकावून पाहिलं. मग समाधानानं म्हणाल्या, "फडकी वेगळी. छान. तुला वळण चांगलं लावलंय गं. कोणाची तू?"

मारामानं मान वर केली नाही. "हुइयाची."

"हुइया? ती दुकानातली?"

"हो, तीच."

आंटींनी थोडा विचार केला. मग पुढे येऊन तिच्या पाठीवर हात ठेवला आणि आवाज जरा खाली आणून, एखाद्या नव्या पोरीला समजवावं तसं म्हणाल्या, "ती बोलते फार. तू मनावर घेऊ नकोस."

मारामाचे हात पाण्यातच राहिले. यंत्र घरघरत होतं, फडकी गोल फिरत होती आणि ती वाकून तशीच होती, आंटींचा हात पाठीवरून हलू नये म्हणून असेल.

पुढे मी तिथे थांबलो नाही. खोक्याचे पुठ्ठे गोळा करून बाहेर नेत होतो, तेव्हा मागून आंटींचा आवाज आला, "टक्के, ते नावाचं ठेव. तिनं यायचंय अजून."

मी नावाचा तुकडा परत आणून भिंतीला टेकवून ठेवला. मारामा ओली फडकी घेऊन दाराबाहेर गेली होती. खिळ्यांमधली ती लहान दोरी ढिली पडली होती. ती सोडून तिनं पुन्हा घट्ट बांधली आणि एकेक फडकं वाळत घालायला लागली. आंटी शेजारी उभं राहून तिला चिमटे देत होत्या.