एक वाडगा जास्तीचा

किनुएला तुम्ही पाहिलंत तर वाटेल, हिला आयुष्यात कशाची कमी पडलीच नसेल. तोंडाचा पट्टा सदा चालू. हातात काठी, काठीला जुन्या बोटीच्या झेंड्यातून कापलेला लाल तुकडा, आणि मागे टोकियोहून आलेले पाहुणे बदकाच्या पिल्लांसारखे. दिवे लागले की ती त्यांना मासळी बाजाराच्या फाटकापाशी गोळा करते आणि सुरुवातच अशी करते, "मासा ताजा, गल्ली जुनी, आणि मी गल्लीपेक्षा जुनी. माझ्यामागे चला. चुकलात तर शोधायला येणार नाही."

मग टूनाचं भाजलेलं डोकं, मग उभ्याउभ्या दारू प्यायचं ते दुकान, मग आमच्या मिसाकी बंदरातली बारची गल्ली. एके काळी तिथे खलाशांच्या गर्दीत पाय ठेवायला जागा नसायची, आता मांजरं अंग पसरून झोपतात. फेरीचा शेवट माझ्या बारमध्ये, 'चिदोरी'त. फळीसमोर आठ स्टुलं आणि फळीमागे मी, मासुयो. इथे मी पाहुण्यांना टूनाची हाडं आणि मुळा घालून केलेलं, आंबवलेल्या सोयाबीनच्या मिसोचं सार देते. लाकडी वाडगा, वर झाकण. नुसत्या वासानेच माणूस गप्प होतो.

"किती?" मी विचारायचे.

किनुए पाहुण्यांपेक्षा एक आकडा जास्त सांगायची. सहा माणसं असली की सात. तो जास्तीचा वाडगा कोपऱ्यातल्या शेवटच्या स्टुलासमोर ठेवायचा. तिथे कुणी बसायचं नाही. नवखा कुणी टेकायला गेलाच तर मी ओरडायचे, "अहो तिथे नाही, तिथे माणूस आहे!"

माणूस म्हणजे इवाओ.

आमच्याकडे घरातलं कुणी समुद्रावर गेलं की रोज त्याचं पान वाढतात. गरम सार, वर झाकण. थोड्या वेळानं झाकण उचलून बघायचं. आतून थेंब धरले असतील तर माणूस सुखरूप आहे. आई वाढते, नाहीतर बायको. मेलेल्याचं वेगळं, त्याचं देव्हाऱ्यापुढे ठेवतात आणि त्यावर झाकण घालत नाहीत. आता किनुए काही इवाओची आई नव्हे आणि बायकोही नव्हे. नुसतं ठरल्यासारखं होतं. तो बोटीवर इंजिनात कामाला होता, ती तेव्हा माझ्याकडे पेले विसळायची. तो येऊन कोपऱ्यातल्या त्या शेवटच्या स्टुलावर बसला की तिच्या हातून पेले फुटायचे, एवढंच काय ते प्रेम.

बोट सुटली तेव्हा मीही धक्क्यावर होते. निरोपाच्या कागदी फितीचं एक टोक त्याच्या हातात, एक हिच्या. "येतो," म्हणाला. दीड वर्षाची सफर. फीत ताणली, तुटली, आणि ही वेडी उरलेला तुकडा हलवत राहिली, बोट दिसेनाशी झाली तरी.

बोट परत आली, इवाओ आला नाही. त्याच्याबरोबरचे खलाशी इथेच बसून सांगत होते: तिकडे आफ्रिकेजवळ लास पाल्मास बंदरात उतरला तो उतरलाच, इंजिनं दुरुस्त करायचं दुकान टाकलंय, तिकडचीच बाई केलीय, तिला दिवस गेलेत. माझ्या हातात तापलेला तवा होता. तो त्यांच्या टाळक्यात घालावासा वाटला. किनुए पेला पुसत होती. तिनं एवढंच विचारलं, "म्हणजे जिवंत आहे ना?"

"जिवंत? चांगला गरगरीत झालाय!"

"बरं झालं," म्हणाली आणि पुढचा पेला घेतला. त्या रात्री मी रडले, ती नाही.

इवाओची आई होती तोवर ती त्याचं पान वाढायची. म्हातारी गेली, तिचे दिवस झाले, आणि दुसऱ्याच संध्याकाळी किनुए फळीशी येऊन म्हणाली, "मासुताई, आजपासून एक वाडगा जास्त."

"कुणासाठी?"

"त्याचं करणारं आता कुणी नाही."

"अगं, डोकं फिरलंय का तुझं? त्याचं करणारी तिकडे आहे! तो तिथे संसार थाटून बसलाय आणि तू इथे त्याला सार पाजणार?"

"इथलं सार तिला कुठे येतंय," म्हणाली.

ठेवला वाडगा. तेव्हापासून ठेवत आले. बर्फाच्या कारखान्यातल्या एका विधुरानं तिला मागणी घातली. सोन्यासारखा माणूस, पिणं नाही, खाणं नाही. तिनं नाही सांगितलं. त्यानंतर तो बिचारा माझ्याकडे येऊन प्यायला लागला. दिवेलागणीनंतर झाकण उचलायचं, थेंब बघायचे, पुन्हा झाकायचं, हा तिचा नेम. आता खरं सांगायचं तर सार उकळतं ओतलं की झाकणाला थेंब धरणारच, त्याला इवाओ कशाला लागतो? तिलाही ते कळत होतं. पण मी कधी कोमट ओतलं नाही आणि तिनं कधी विचारलं नाही. निवलेलं सार शेजारचा न्हावी गोहेई प्यायचा. "इवाओच्या नावानं मीच लठ्ठ होतोय," असं दर वेळी म्हणायचा मेला.

पुढे गावानं ही संध्याकाळची फेरी सुरू केली आणि बोलघेवडी म्हणून किनुएला नेमली. मग त्या वाडग्याचाही कार्यक्रम झाला. ती पाहुण्यांना चालीरीत सांगायची, नाव न घेता. झाकण उचलून थेंब दाखवायची. बायका डोळे टिपायच्या, पुरुष फोटो काढायचे. मला राग यायचा. मी म्हटलं, "स्वतःचं दुखणं असं काय चारचौघांत मांडतेस?" तर म्हणाली, "ताई, इतकी माणसं रोज त्याचं बरं चिंततात. फुकट आहे का ते?"

यंदाच्या थंडीतली गोष्ट. मुळे चांगले जाड झाले होते, सारही छान जमलं होतं. दार सरकलं, थंडी आत आली आणि मागोमाग किनुए. बरोबर नागोयाचं एक नवं जोडपं, टोपीवाला एक म्हातारा आणि त्याची लेक, पस्तिशीची, कुरळ्या केसांची. तिला आपल्या भाषेतलं अवाक्षर येत नव्हतं. नोंदणी तिच्याच नावानं होती, भलत्याच परदेशी नावानं.

"किती?" मी विचारलं.

"चार."

मी डोकी मोजली. चारच होती. मला वाटलं, थंडीनं हिचं भान गेलंय. "आणि?" मी खुणेनं कोपरा दाखवला.

"चार म्हटलं ना, ताई."

तेवढ्यात तो म्हातारा सगळी रिकामी स्टुलं ओलांडून सरळ कोपऱ्यात गेला आणि शेवटच्या स्टुलावर बसला. मी ओरडायला तोंड उघडलं. किनुएनं माझ्या हातावर हात ठेवला. तो हात गार पडला होता. तेव्हा मी त्या म्हाताऱ्याच्या तोंडाकडे नीट बघितलं, आणि ओळखलं.

मी चार वाडगे भरले. हातावर सांडलं, भाजलं. नवी नवरी मोकळ्या स्वभावाची होती, तिनं म्हाताऱ्याशी गप्पा काढल्या. कुठून आलात? लांबून. काकू नाही आल्या? तिचे गुडघे दुखतात, ती घरीच आहे. सगळं हळू, अडखळत, जुन्या खलाशांच्या बोलीत. ती बोली आता इथेही कुणी बोलत नाही.

मग नवरीनं किनुएला विचारलं, "अहो, आम्ही ऐकलं होतं, इथे लांब गेलेल्या कुणाचं तरी पान वाढून ठेवतात म्हणे. ते कुठेय?"

किनुए उभीच होती. फेरी चालू असताना ती कधी बसत नाही, पाहुण्यांबरोबर खातही नाही. काठी छातीशी धरून म्हणाली, "आज नाही ठेवलं. आज सगळे आलेत."

म्हाताऱ्याचा हात झाकणावर होता, तो तिथेच राहिला. बऱ्याच वेळानं त्यानं झाकण उचललं, उलटं केलं आणि आतल्या बाजूकडे बघत बसला. थेंब ओघळून त्याच्या मनगटावर पडले. लेकीनं घाबरून काहीतरी विचारलं. त्यानं तिला तिच्या भाषेत उत्तर दिलं आणि मुळ्याकडे बोट दाखवलं. मुळा गरम आहे, तोंड भाजलं, असं काहीतरी सांगितलं असावं. मग त्यानं सगळं सार संपवलं. हाडं चोखली. वाडग्यात एक थेंब ठेवला नाही.

निघताना त्यानं टोपी काढली आणि किनुएपुढे कमरेत वाकला. वाकलेलाच राहिला. जुन्या सवयीनं त्याच्या तोंडून निघून गेलं, "येतो." आणि लगेच त्यानं ओठ चावला.

"हो," किनुए म्हणाली. "पायरी निसरडी आहे, जपून जा."

बस. इतक्या वर्षांचं एवढंच. मला त्याच्यामागे धावून त्याची गचांडी धरायची होती, पण ती पाहुण्यांना सोडायला स्टेशनवर गेली, तीही काठी उंच धरून, मोठ्यानं बोलत.

परत आली ती शेवटच्या बसनं नाही, चालत. दार लावून फळीवर डोकं टेकलं.

"फाटकापाशीच ओळखलं मी," म्हणाली. "खोकायच्या आधी मान झटकतो ना, तशीच झटकली."

"मग बोलली का नाहीस, भवाने?"

"काय बोलू? त्याला त्याचंच गाव दाखवत फिरले, ताई. त्याच्या घराच्या जागी गाड्या उभ्या असतात, तेही दाखवलं. म्हणाला, 'अरेरे.'" तिनं डोकं वर केलं. "त्यानं मला ओळखलं नाही. अख्खी संध्याकाळ माझ्या मागे चालला, माझ्या विनोदांवर हसला. मी 'आज सगळे आलेत' म्हणेपर्यंत त्यानं मला ओळखलं नाही." आणि मग ती रडली. तेव्हाचं, मधलं, आत्ताचं, सगळं एकदम. मी तिची पाठ थोपटत राहिले आणि इवाओला मला येतील तेवढ्या शिव्या दिल्या.

दुसऱ्या दिवशी पाहुणे पाच होते. "सहा," ती म्हणाली.

"अजून?" मी कमरेवर हात ठेवले.

"विमानात असेल गं. पोचू दे घरी."

ठेवला. त्याच्या पुढच्या दिवशीही ठेवला. गोहेईसुद्धा विनोद न करता प्यायला.

मग एके संध्याकाळी ती सात जणांना घेऊन आली आणि म्हणाली, "सात." कोपऱ्याकडे बघितलंही नाही. पाहुण्यांना सांगितलं, पूर्वी इथे अशी रीत होती. होती, असं म्हणाली. मलाच कोपरा रिकामा बघवेना. त्या वाडग्याला शिव्या घालण्यात माझंही आयुष्य गेलं होतं.

पाहुणे गेले. ती काठीवरचा झेंडा गुंडाळत होती. मी पातेलं पुन्हा उकळायला ठेवलं, एक वाडगा भरला, झाकण घातलं आणि कोपऱ्यातल्या स्टुलासमोर ठेवला.

"हे काय?" ती म्हणाली. "नको म्हटलं ना, ताई. पोचला तो."

"त्याच्यासाठी कोण ठेवतंय? तुझ्यासाठी आहे. बस तिथे."

"मी कुठे लांब गेलेय?"

"बस म्हणते ना!"

बसली. त्या स्टुलावर ती कधी बसली नव्हती, तिचे पाय जमिनीला टेकेनात. झाकण उचललं आणि सवयीनं उलटं करून बघितलं. आतून थेंब दाटून आले होते, एकात एक मिसळून खाली ओघळत होते.

मी म्हटलं, "बघ. आहेस अजून."

तिनं झाकण बाजूला ठेवलं. मग वाडगा तोंडाला लावला.

"ताई," म्हणाली, "सार थोडं खारट झालंय."

"तुझ्या डोळ्यांचं पाणी त्यात पडतंय, बावळट. पी."