कुमुदताईंची वही

दार उघडण्याआधी कुमुदताई आतूनच तीन गोष्टी विचारत: कोण, कोणाकडून, कशाला. मी खालच्याच मजल्यावर राहत होतो, तरी मला सवलत नव्हती. "अहो वानखेडे, आवाज कोणाचाही काढता येतो, हाँ," त्या म्हणत.

त्या लखनौतच जन्मलेल्या, मुलींच्या कॉलेजात गणित शिकवणाऱ्या. चार ते सहा त्यांचा फोन सतत गुंतलेला असे. मी आठवडाभर लावून पाहिला. इतकं बोलणारी बाई ती नव्हे. शेवटी विचारलं, तेव्हा कळलं की फोन कॉम्प्युटरला जोडलेला आहे. शहरातले अकरा जण आपापल्या कॉम्प्युटरवरून, एका वेळी एक, तिथे फोन लावतात, खेळ घेतात, खेळ ठेवतात, निरोप लिहितात. सगळे टोपणनावांनी. खरी नावं फक्त ताईंच्या वहीत.

खेळ अर्थात चोरीचे. सुरू होताना खेळ विचारी, सोबतच्या पुस्तकात बाराव्या पानावरचा चौथा शब्द कोणता? पुस्तक कोणाकडेच नसे. ताई फाईलमध्ये असा फेरफार करत की कोणताही शब्द चालावा. मोटारींच्या एका शर्यतीत तर पाट्या बदलून त्यांनी अमौसी, चारबाग, चौक अशी लखनौतली नावं घातली होती.

"ही चोरी आहे," मी म्हटलं.

"आहे ना. म्हणून तर दारात इतकी चौकशी."

त्याच सुमारास आमच्या बँकेतला कॉम्प्युटर बिघडला. पडद्यावरचे आकडे आपोआप गळून पडत. जबाबदारी माझी होती. असे व्हायरस फुकटच्या खेळांतून येतात असं मी वाचलं होतं, आणि आमचा एक कारकून ताईंच्या अकरा जणांपैकी होता. माझा संशय वरच्या मजल्यावर जाऊन बसला. मुलीसाठी म्हणून मी त्या शर्यतीची फ्लॉपी मागून आणली. तिच्या कडेच्या खाचेवर काळी पट्टी चिकटवलेली होती. खाली काय लपवलंय ते पाहायला मी ती सोलली. काहीच नव्हतं. फ्लॉपी बँकेच्या कॉम्प्युटरमध्ये घालून पाहिली, काही सिद्ध झालं नाही. पट्टी पुन्हा नीट चिकटवून परत केली.

पंधरा दिवसांत ताईंचा कॉम्प्युटर बिघडला आणि मागोमाग त्या अकराही जणांचे. ताईंनी वही काढली; कोणी कधी काय ठेवलं, तेही तीत असे. त्या काळात नवा खेळ ठेवणारा एकच, 'दशहरी'. म्हणजे चौकातले, चिकनच्या भरतकामाच्या कपड्यांचे व्यापारी बशीरभाई. ताईंनी सगळ्यांना कळवलं की हे दशहरीचं काम, त्याला काढलं आहे.

"तीन वर्षं साधा बनून राहिला, देखा?" त्या मला म्हणाल्या. मीही मान डोलावली.

मग बँकेत इंजिनियर आला. व्हायरस आमच्याच कानपूर कार्यालयाच्या फ्लॉपीतून आला होता, महिन्यापूर्वी. कॉम्प्युटरमध्ये घालू त्या प्रत्येक फ्लॉपीवर तो उतरत होता. "खाच पट्टीने बंद असेल तर नाही उतरत," तो म्हणाला. ताईंची फ्लॉपी मी पट्टी काढूनच घातली होती. मी तारखा दोनदा जुळवल्या. फरक निघाला नाही.

वर जाऊन ताईंना सगळं तारखांसह सांगितलं.

"पट्टी तुम्ही परत लावलीत?"

"हो."

"पट्टी जागेवर दिसली, म्हणून मी फ्लॉपी तपासलीच नाही," त्या म्हणाल्या. मला लागेल असा एकही शब्द बोलल्या नाहीत.

दुसऱ्या दिवशी आम्ही रिक्षाने चौकात गेलो. ताई बशीरभाईंना पहिल्यांदाच पाहत होत्या. बशीरभाईंनी आम्हाला गादीवर बसवलं, चहा मागवला. ताईंनी माफी मागितली. मी माझी चूक सांगितली.

बशीरभाईंनी ऐकून घेतलं. "दीदी, शक किया, कोई बात नहीं," ते म्हणाले. "एक बार पूछ तो लेतीं."

ताईंनी सगळ्यांना खुलासा लिहिला आणि 'दशहरी' पुन्हा यादीत घातलं. पण बशीरभाईंनी फोन कधी लावला नाही. पुढे कोणी नवा माणूस शिफारस घेऊन आला की ताई त्याला दारातूनच सांगत, "जगह नहीं है, अकरा झालेत."

मी मोजले होते. फोन लावणारे दहाच होते. भोपाळला बहिणीकडे कायमच्या राहायला जाईपर्यंत ताईंनी अकरावा घेतला नाही.