खुणेची दोरी

हे बोलायला मला दाजी जाईपर्यंत थांबावं लागलं. आजवर कुणापाशी उच्चारलं नाही — ताईपाशी तर नाहीच.

दाजी, माझ्या थोरल्या बहिणीचे यजमान, आरमाराच्या तुकडीत पाणबुडे होते. मोठी लढाई संपून काही वर्षं झाली होती. उरणजवळ बुडालेला एक पडाव, म्हणजे मालवाहू गलबत, वर काढायचं काम चाललं होतं, आणि त्यांच्याच होडीवर मी कारकून. इंग्रजी वाचता येई, म्हणून घड्याळ आणि खुणेची दोरी माझ्याकडे. खोल पाण्यातून माणूस एकदम वर आणायचा नसतो. दाबाखाली रक्तात मुरलेली हवा सावकाश निघावी लागते. म्हणून त्यानं वाटेत ठरल्या जागी थांबायचं, मी दोरी ओढीपर्यंत तिथंच लोंबकळायचं. खाली त्याच्याजवळ घड्याळ नसतं.

त्या दुपारी वारा सुटला आणि मला बोट लागली. कोळ्याच्या पोराला — खलाशी हसले, मग खाली हवा सोडणारा पंप फिरवण्यात गुंतले. दाजी शेवटच्या थांब्यावर होते. वेळ बरीच बाकी होती. मला किनारा हवा होता — एवढंच. वादळ नव्हतं, संकट नव्हतं. मी दोरी ओढली.

पितळी टोप काढल्यावर दाजी म्हणाले, "काय मास्तर, आतडी तरी ठेवलीस का पोटात?" थोड्या वेळानं उठायला गेले, तर पाय हलेनात. पुन्हा दाबाखाली नेलं तर उतरेल म्हणून त्यांना परत पाण्यात उतरवलं. पाय परत आले नाहीत.

तुकडीच्या साहेबाला मी इंग्रजीत सांगितलं — खूण नसताना हे स्वतःच वर आले. दाजींना इंग्रजी कळत नव्हतं. हे मला ठाऊक नव्हतं का? हुकूम मोडला म्हणून त्यांची नोकरी गेली.

घरी तेच मी ताईला मराठीत सांगितलं. त्यांच्यासमोर. ते माझ्याकडे बघत राहिले. मग म्हणाले, "व्हय. घाई झाली माझीच."

का म्हणाले असतील? मी कधी विचारलं नाही.

पुढं सगळी वर्षं ताई त्यांना उचलून अंगणात बसवायची. दमली की म्हणायची, "यवढी कसली घाई व्हती तुमाला?" मी ओटीवर पुस्तक घेऊन बसलेला असे. दाजी तेव्हा माझ्याकडे बघायचे नाहीत.

तेराव्याला, रिकाम्या बिछान्याची घडी घालताना, ताई तेच पुटपुटली. मग तिनं माझं पान वाढलं.

मी जेवलो.